जळगाववर छोटी फिल्म करतोयस? आधी हे बघ

भाऊ, निवेदन नकोच, ते आलं की माहितीपट होतो. फोनवर सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर, म्हणजे प्रत्येक फ्रेमला प्रकाश घ्यायचा वेळ, १/५० सेकंद ठेव. आपली वीज ५० हर्ट्झची; १/६० ठेवलंस तर सराफ बाजारातल्या ट्यूबलाइटखाली चित्रावर पट्टे सरकतात. १/५० शटरला उन्हात चित्र पांढरं पडतं, म्हणून एनडी फिल्टर, म्हणजे लेन्सवर लावायची प्रकाश कमी करणारी गडद काच, लागतोच. मे महिन्यात दुपारी फोन तापून बंद पडतो, सकाळी आठच्या आत उरक. प्रत्येक शॉट निदान दहा सेकंद हलवू नकोस. नवखे तिसऱ्याच सेकंदाला पॅन करतात, म्हणजे कॅमेरा आडवा फिरवतात, मग एडिटला काही उरत नाही. आवाज वेगळा घे: भरिताची वांगी काड्यांवर भाजतानाची तडतड दुसऱ्याच दृश्याखाली, म्हणजे सोन्याच्या तराजूखाली लावून बघ. मजा येते. माइकला फोमची टोपी हवी. भुसावळ स्थानकात मात्र रेल्वेची परवानगी घेऊनच जा.