‘ट्वेल्व्ह अँग्री मेन’ लिहिणाऱ्या रेजिनाल्ड रोझ यांनी आणखी काय लिहिलं?
रोझ मुळात टीव्हीचे लेखक. १९५४ मध्ये न्यूयॉर्कला कोर्टात ज्युरीत (खटल्याचा निकाल देणाऱ्या सामान्य नागरिकांच्या मंडळात) बसायची पाळी आली, त्या अनुभवातून ही कथा सुचली. त्याच सप्टेंबरमध्ये सीबीएस या अमेरिकी वाहिनीच्या ‘स्टुडिओ वन’ या नाट्यमालिकेत ती थेट प्रसारित झाली. चित्रपट नंतरचा, १९५७ चा. नायक हेन्री फोंडासोबत निर्मातेही रोझच. (आपल्याकडचा बासू चॅटर्जींचा ‘एक रुका हुआ फैसला’ त्यावरूनच.)

पण माझ्या मते त्यांचं मोठं काम म्हणजे ‘द डिफेंडर्स’ (१९६१-६५), वकील बाप-लेकाची मालिका. १९६२ मध्ये तिच्यात गर्भपातावर एक भाग आला, तेव्हा नेहमीच्या जाहिरातदारांनी चक्क अंग काढून घेतलं. तरीही तो दाखवला गेला! पुढे ‘द वाइल्ड गीझ’सारखे मारधाडपटही लिहिले, ते नाही पाहिले तरी चालतील.