पट्टी लावून वाचायचं चित्र

प्रश्न : माझी मुलगी सिव्हिल डिप्लोमाच्या पहिल्या वर्षाला आहे. अप्लाइड मेकॅनिक्समध्ये तिला बलांच्या रेघा आखून उत्तर काढायला लावतात. कॉम्प्युटर क्षणात आकडा देत असताना ही मेहनत कशासाठी? आणि या ‘ग्राफिकल मेथड’चा वर्तमानपत्रातल्या आलेखांशी काही संबंध आहे, की नुसतं नाव सारखं?
— एक पालक, सातारा

उत्तर : संबंध आहे, आणि अगदी जवळचा आहे. पॉलिटेक्निकमध्ये हा विषय मी वर्षानुवर्षं शिकवला, त्यामुळे आधी तुमच्याही हातात पेन्सिल देते. मुलीला शेजारी बसवा.

छपराची सगळ्यात साधी कैची घ्या : दोन तिरपे वासे आणि खाली त्यांना बांधणारा आडवा टाय. शेंड्यावर १० किलोन्यूटन भार (किलोन्यूटन हे बल मोजायचं एकक). दोन्ही भिंती सारखा भार घेतात, म्हणजे प्रत्येकी ५. वाशाचा उतार ३० अंश. प्रमाण ठरवू : १ सेंटिमीटर म्हणजे १ किलोन्यूटन. आता भिंतीवरच्या सांध्याकडे बघा. तिथे तीनच बलं आहेत : भिंतीचा वर येणारा रेटा, वाशातलं बल आणि टायमधलं बल. ५ सेंटिमीटरची उभी रेघ ओढा. तिच्या एका टोकातून वाशाला समांतर रेघ काढा, दुसऱ्या टोकातून आडवी. दोन्ही जिथे भेटतील तिथे त्रिकोण पुरा होतो. पट्टी लावा. तिरपी रेघ १० सेंटिमीटर भरेल, आडवी साधारण ८.७. झालं उत्तर : वाशात १० किलोन्यूटन दाब, टायमध्ये ८.७ किलोन्यूटन ताण.

आता उतार १५ अंश करून तोच त्रिकोण पुन्हा काढा. उभी रेघ तीच, ५ सेंटिमीटर. पण तिरपी रेघ १९ सेंटिमीटरच्याही पुढे पळते! छप्पर चपटं केलं की वाशावर इतका जोर का येतो, हे तुमच्या मुलीला आता कुणी सांगावं लागणार नाही. कॉम्प्युटर १९.३ हा आकडा बरोबर देईल, पण तो आकडा तिथवर कसा लांबला, हे हाताने आखलेल्या रेघेतच कळतं. शिवाय मोठ्या कैचीत सगळ्या सांध्यांची बलं एकाच आकृतीत जोडत गेलं की शेवटची रेघ नेमकी जागेवर येऊन मिळावी लागते. नाही मिळाली तर कुठेतरी चुकलंय, हे आकृतीच सांगते. बलांच्या मधल्या जागांना अक्षरं देण्याची जी ‘बो’ची पद्धत ती शिकते आहे, ती रॉबर्ट बो यांनी १८७३ मध्ये मांडली.

रेघा आखून बलं काढण्याच्या या शास्त्राला एकसंध रूप दिलं झुरिकच्या पॉलिटेक्निकमधले प्राध्यापक कार्ल कुलमान यांनी. त्यांचा ग्रंथ १८६६ चा. त्यांचाच विद्यार्थी मोरिस केक्लँ. आयफेल टॉवरचं पहिलं रेखाटन १८८४ मध्ये याच केक्लँने केलं.

आता आलेखांकडे. शार्ल जोझेफ मिनार हे फ्रान्समधले पूल-रस्त्यांचे सरकारी इंजिनिअर. १८४० मध्ये ऱ्होन नदीवरचा बूर-सँतांदेओल इथला झुलता पूल का कोसळला, ते पाहायला त्यांना पाठवलं होतं. त्यांनी पुलाची आधीची आणि नंतरची आकृती समोर ठेवली. खांबाखालचा नदीचा तळ वाहून गेलेला त्यात सरळ दिसत होता. याच माणसाने पुढे मालवाहतुकीचे, प्रवाशांचे नकाशे काढले आणि १८६९ मध्ये, वयाच्या अठ्ठ्याऐंशीच्या सुमारास, नेपोलियनच्या रशिया मोहिमेचा नकाशा. त्यात सैन्याचा पट्टा १ मिलिमीटरला १०,००० माणसं या प्रमाणात आखलेला आहे. निघताना ४,२२,०००, परतताना १०,०००. म्हणजे सुमारे ४२ मिलिमीटर रुंद पट्टा १ मिलिमीटरवर येतो. तो नकाशा मी जेव्हा जेव्हा उघडते, तेव्हा माझा घसा दाटतो. पण त्याची ताकद जितकी करुणेत, तितकीच मोजून आखलेल्या त्या प्रमाणात आहे. केक्लँची रेघ असो की मिनारचा पट्टा, दोन्हींवर पट्टी लावून आकडा परत मिळवता येतो. तुमच्या प्रश्नातला संबंध हाच.

मुलीला सांगा, प्रत्येक कैची आधी हाताने आख, मग कॉम्प्युटरवर ताडून पाहा. क्रम उलटा नको.

प्रश्न : टीव्हीवरच्या आलेखात एक स्तंभ दुसऱ्याच्या दुप्पट दिसतो, पण आकडे ९५ आणि १०० असतात. असं कसं?
— एक वाचक, डोंबिवली

उत्तर : स्तंभ शून्याऐवजी ९० पासून उभे केलेले असतात. मग एकाची उंची ५ राहते, दुसऱ्याची १०. स्तंभात आपण लांबीच वाचतो, म्हणून तो शून्यापासूनच निघाला पाहिजे. यात मी सवलत देत नाही. रेषालेखाचं तसं नाही. तिथे आपण चढ-उतार बघतो. तापाचा तक्ता शून्यापासून काढला, तर ९८ आणि १०३ मधला फरक डॉक्टरांच्या नजरेतूनही निसटेल.