वाचकांचे प्रश्न : विंचवाच्या दंशावर रक्तदाबाची गोळी कशासाठी?

औषधे पेशींवर नेमकी कोठे आणि कशी काम करतात, याविषयी आलेल्या पत्रांपैकी चार पत्रांना या अंकात उत्तरे दिली आहेत. उत्तरे केवळ माहितीसाठी आहेत. त्यांच्या आधारे कोणतेही औषध स्वतःहून सुरू किंवा बंद करू नये.

प्रश्न : औषध आणि रिसेप्टर यांचे नाते कुलूप-किल्लीसारखे असते, असे आम्हाला शिकवले जाते. किल्ली नीट बसली तर कुलूप उघडायलाच हवे. मग काही औषधे रिसेप्टरवर व्यवस्थित बसूनही त्याला उत्तेजित न करता उलट रोखून का धरतात?
(औषधनिर्माणशास्त्राची विद्यार्थिनी, नाशिक)

उत्तर : आपली शंका रास्त आहे. ही उपमा पहिल्या तासापुरती ठीक असली, तरी पुढे ती अडचणीची ठरते, कारण कुलूप घडीव असते आणि रिसेप्टर तसा नसतो. रिसेप्टर म्हणजे बहुधा पेशीच्या आवरणात रुतलेले एक प्रथिन. ते स्थिर नसते. काही क्षण सक्रिय आणि काही क्षण निष्क्रिय अशा निरनिराळ्या आकारांत ते सतत बदलत असते. जो रेणू सक्रिय आकाराला अधिक घट्ट धरतो, त्याच्यामुळे प्रथिन त्या आकारात अधिक काळ टिकते, पेशीच्या आत संदेश जातो, आणि अशा औषधाला आपण उत्तेजक म्हणतो. जो रेणू दोन्ही आकारांना सारखाच चिकटतो, तो समतोल बदलत नाही. फक्त जागा अडवतो. हाच रोधक. निष्क्रिय आकारालाच पसंती देणारे रेणूही असतात. सर्दी-शिंकांवर सर्रास घेतली जाणारी सेटिरिझिनसारखी औषधे हिस्टामीनच्या रिसेप्टरवर अशाच प्रकारे काम करतात, जरी बोलताना आपण त्यांनाही रोधकच म्हणत असलो.

तेव्हा चिकटणे आणि चेतवणे हे दोन स्वतंत्र गुण आहेत, आणि एखाद्या रेणूत पहिला भरपूर व दुसरा अर्धाच असू शकतो. ब्युप्रेनॉर्फिन हे त्याचे चांगले उदाहरण आहे. ते अफूवर्गीय रिसेप्टरला फार घट्ट चिकटते, पण पूर्ण चेतवत नाही. वेदना असलेल्या रुग्णाला ते वेदनाशामक ठरते. मात्र ज्याच्या शरीरात त्या वेळी हेरॉइन आहे, त्याला दिल्यास ते हेरॉइनला जागेवरून हटवते आणि स्वतः तेवढे काम करत नसल्यामुळे माणसाला व्यसन तुटल्याचा त्रास अचानक सुरू होतो. एकच रेणू एका ठिकाणी उत्तेजक आणि दुसऱ्या ठिकाणी जणू रोधक.

शुद्ध रोधकाचा परिणाम तर सर्वस्वी परिस्थितीवर अवलंबून असतो. मॉर्फिनच्या अतिमात्रेने श्वास मंदावलेल्या रुग्णाला नॅलोक्सोन दिले की काही मिनिटांत श्वास सुधारतो. तेच नॅलोक्सोन निरोगी माणसाला दिले तर बहुधा त्याला काहीच जाणवत नाही, कारण हटवण्यासारखे तेथे फारसे काही नसते.

प्रश्न : पावसाळ्यापूर्वी लाकडे रचताना माझ्या मावशीला लाल विंचू चावला. तिला दरदरून घाम सुटला, उलट्या झाल्या आणि हातपाय गार पडले. रुग्णालयात तिला प्राझोसिनची गोळी देण्यात आली. औषधाच्या दुकानात चौकशी केली, तर ती रक्तदाबाची गोळी असल्याचे कळले. विषावर रक्तदाबाची गोळी का?
(एक वाचक, रायगड जिल्हा)

उत्तर : आपल्या मावशींना दिलेला उपचार योग्यच होता, आणि त्यामागचा विचार आपल्याच जिल्ह्यात घडलेला आहे.

लाल विंचवाचे विष हृदयाला थेट इजा करते, एवढाच समज पुष्कळ काळ होता. प्रत्यक्षात ते मुख्यतः मज्जातंतूंमधील सोडियमच्या वाहिन्यांवर काम करते. संदेश गेल्यावर ज्या वाहिन्या तत्काळ मिटायला हव्यात, त्या विषामुळे उघड्याच राहतात, आणि तंतू पुन्हा पुन्हा उत्तेजित होतात. सुरुवातीला घाम, लाळ आणि उलट्या दिसतात. त्यामागोमाग ॲड्रिनलीन आणि नॉरॲड्रिनलीन यांचा अक्षरशः पूर येतो. म्हणजे रुग्णाचा जीव धोक्यात येतो तो बव्हंशी त्याच्या स्वतःच्याच संप्रेरकांमुळे. रक्तवाहिन्यांच्या भिंतींवर अल्फा-1 नावाचे रिसेप्टर असतात. नॉरॲड्रिनलीन त्यांना चेतवते तेव्हा वाहिन्या आकुंचन पावतात, हातपाय गार पडतात, रक्तदाब चढतो, आणि हृदयाला या आवळलेल्या वाहिन्यांच्या विरोधात रक्त ढकलावे लागते. ते थकले की रक्त मागे फुफ्फुसांत तुंबते, फुफ्फुसांत पाणी साचते आणि तोंडाला फेस येतो. लहान मुलांमध्ये हा सारा क्रम काही तासांतच घडू शकतो.

प्राझोसिन नेमक्या याच अल्फा-1 रिसेप्टरची जागा अडवते. विष शरीरातच असते, नॉरॲड्रिनलीनही रक्तात असते, पण वाहिन्यांपर्यंत त्याचा हुकूम पोचत नाही. वाहिन्या सैल होतात आणि हृदयावरचा भार उतरतो. महाड परिसरात काम करणारे डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी 1982 साली लाल विंचवाच्या दंशाची लक्षणे आणि 1986 साली प्राझोसिनचा उपचार ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात मांडला. त्यापूर्वी गंभीर लक्षणे झालेल्या रुग्णांपैकी जवळपास 30 टक्के दगावत. प्राझोसिनच्या वापरानंतर हे प्रमाण 1 टक्क्याच्या आसपास आल्याचे त्यांनी नोंदवले आहे. खेड्यातल्या प्राथमिक आरोग्य केंद्रात उशाशी बसून केलेल्या निरीक्षणातून असे संशोधन उभे राहावे, याचे मला महानगरांतील कोणत्याही प्रयोगशाळेपेक्षा अधिक कौतुक वाटते. 2022 साली त्यांना पद्मश्री मिळाली.

येथे दोन चुकीच्या वाटा होत्या, त्याही समजून घेण्यासारख्या आहेत. हृदयाची धडधड पाहून बीटा-रोधक, म्हणजे ॲड्रिनलीनचे हृदयातील बीटा नावाचे रिसेप्टर अडवणारे औषध, द्यावे असे एखाद्याला वाटू शकते. पण बीटा रिसेप्टर अडवले तर आधीच थकलेल्या हृदयाचा उरलासुरला जोर कमी होतो, आणि वाहिन्या आवळणारे अल्फा रिसेप्टर मात्र मोकळेच राहतात. दुसरी वाट ॲट्रोपिन या स्राव आटवणाऱ्या औषधाची. घाम आणि लाळ पाहून ते द्यावेसे वाटते. पण त्याने हृदयाचे ठोके आणखी वाढतात, म्हणून नाडी फारच मंदावलेली नसेल तर ते टाळतात.

विषावर थेट उतारा, म्हणजे विंचवाची प्रतिविष लस, हा वेगळा मार्ग आहे. ती रिसेप्टरवर काम करत नाही. रक्तातील विषालाच पकडते. 2011 साली ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये बावस्करांनीच प्रसिद्ध केलेल्या चाचणीत नुसत्या प्राझोसिनपेक्षा प्राझोसिन आणि लस एकत्र दिल्यास रुग्ण लवकर बरे होतात, असे आढळले. प्राझोसिनची गोळी घरी मात्र ठेवू नये. पहिल्या मात्रेनंतर उभे राहिल्यास रक्तदाब एकदम घसरून माणूस कोसळू शकतो, आणि घाम व उलट्यांनी अंगातले पाणी गेलेले असताना ही शक्यता अधिक असते. म्हणूनच रुग्णाला झोपवून ठेवतात.

प्रश्न : वडिलांना जुना दमा आहे. हात थरथरतात म्हणून त्यांना प्रोप्रॅनोलॉल दिले गेले आणि दम लागू लागला. नेहमीचा पंपही लागू पडेना. हाताच्या औषधाचा छातीशी काय संबंध? आणि हे औषध एकदम बंद करावे का?
(एक वाचक, पुणे)

उत्तर : अमेरिकन औषधशास्त्रज्ञ रेमंड आल्क्विस्ट यांनी 1948 साली असे मांडले की ॲड्रिनलीनचे रिसेप्टर एकाच जातीचे नसून त्यांचे अल्फा आणि बीटा असे दोन प्रकार आहेत. पुढे बीटाचेही पोटप्रकार सापडले : हृदयात प्रामुख्याने बीटा-1, तर श्वासनलिकांच्या स्नायूंवर बीटा-2. आपल्या वडिलांच्या पंपात बहुधा साल्ब्युटामॉल असेल. ते बीटा-2 ला चेतवून श्वासनलिका सैल करते. प्रोप्रॅनोलॉल हा बीटा-रोधक मात्र बीटा-1 आणि बीटा-2 असा भेद करत नाही. हाताच्या स्नायूंतील बीटा-2 अडवल्यामुळे थरथर कमी होते, आणि तोच रिसेप्टर छातीत अडवल्यामुळे दम लागतो. पंपाला काम करायला जागाच उरत नाही. मेटोप्रोलॉल, बिसोप्रोलॉल या बीटा-रोधकांचा कल बीटा-1 कडे असतो, पण हा कल मात्रेवर अवलंबून असतो. मात्रा वाढली की तो पुसट होत जातो.

दम लागत असल्याने आजच डॉक्टरांना भेटावे आणि दम्याची माहिती स्पष्ट सांगावी. हे औषध थांबवावे लागेल हे जवळपास निश्चित आहे, पण कसे थांबवायचे हे त्यांनी ठरवावे. याचे कारण असे, की रिसेप्टर दीर्घकाळ अडवलेले राहिले तर पेशी आपल्या पृष्ठभागावर त्यांची संख्या वाढवतात. औषध एका दिवसात काढले की नेहमीच्याच ॲड्रिनलीनला जास्त जागा मिळतात. छाती धडधडते, आणि हृदयविकार असलेल्यांत छातीत कळ येण्याची भीती असते.

प्रश्न : फवारणीच्या विषबाधेत ॲट्रोपिनची इंजेक्शने एकामागोमाग एक देतात. धोतऱ्यातही हेच द्रव्य असते म्हणतात. मग एक विष दुसऱ्या विषाला कसे मारते? आणि एवढे ॲट्रोपिन देऊनही काही रुग्णांना श्वासासाठी यंत्र का लावावे लागते?
(एक शेतकरी, यवतमाळ जिल्हा)

उत्तर : ॲट्रोपिन कीटकनाशकाला मारत नाही, त्याला स्पर्शही करत नाही. मोनोक्रोटोफॉससारखी ऑर्गॅनोफॉस्फेट गटातील कीटकनाशके शरीरातील एका विकराला (एन्झाइमला) निकामी करतात. ॲसिटिलकोलीन या संदेशवाहक द्रव्याचे विघटन करणे हे त्या विकराचे काम. ते थांबले की ॲसिटिलकोलीन साचत जाते आणि लाळ, घाम, फुफ्फुसांतील स्राव वाढतात, डोळ्यांच्या बाहुल्या टाचणीएवढ्या होतात, नाडी मंदावते. ही लक्षणे मस्कारिनिक नावाच्या रिसेप्टरांमुळे होतात, आणि ॲट्रोपिन त्यांच्यावर बसून जागा अडवते. मात्र ही अडवणूक चढाओढीची असते : समोर ॲसिटिलकोलीन जितके अधिक, तितके ॲट्रोपिन अधिक लागते. एरवी 0.6 मिलिग्रॅमची एक कुपी पुरते. विषबाधेत मात्रा दर पाच मिनिटांनी दुप्पट करत नेतात, ती छातीतली घरघर थांबेपर्यंत. ज्याच्या शरीरात ॲसिटिलकोलीनचा असा साठा नाही, त्याला तेवढ्याच ॲट्रोपिनने तोंड कोरडे पडणे, बाहुल्या फाकणे, भ्रम होणे असा धोतऱ्याचाच त्रास होईल. धोतऱ्याचा पाला किंवा बी मात्र उतारा म्हणून कधीही देऊ नये. त्यात द्रव्य किती आहे, हे झाडागणिक बदलते. तसेच सगळ्या कीटकनाशकांना ॲट्रोपिन लागू पडत नाही, म्हणून रुग्णासोबत औषधाचा डबा किंवा त्यावरचा कागद न्यावा.

आपल्या दुसऱ्या प्रश्नाचे मूळ जुने आहे. केंब्रिजचे जॉन लँग्ली यांनी 1905 साली कोंबडीच्या स्नायूंवर प्रयोग केले. निकोटीनने स्नायू आकुंचन पावत आणि क्युरारे या विषाने ते आकुंचन थांबे. स्नायूकडे जाणारी नस कापून, ती पूर्ण झिजू दिल्यानंतरही हेच घडले. तेव्हा ही द्रव्ये नसेवर नव्हे, तर स्नायूतीलच एखाद्या ग्रहणक्षम पदार्थावर काम करत असली पाहिजेत, असा निष्कर्ष त्यांनी काढला, आणि रिसेप्टर ही कल्पना पुढे आली. स्नायूंवरचे हे रिसेप्टर निकोटिनिक प्रकारचे असतात, आणि उपचारातील मात्रेत ॲट्रोपिन त्यांना अडवू शकत नाही. श्वासाचे स्नायू अशाच रिसेप्टरांवर चालतात. साचलेल्या ॲसिटिलकोलीनच्या सततच्या माऱ्याने ते आधी फडफडतात आणि मग लुळे पडतात. अशा वेळी छाती कोरडी झाली, नाडी सुधारली, तरी रुग्णाला स्वतःचा श्वास घेता येत नाही, आणि स्नायूंमधले विकराचे काम पुन्हा सुरू होईपर्यंत कृत्रिम श्वासाचे यंत्र लावूनच त्याला जगवावे लागते.