त्या फावड्यांकडे पुन्हा बघ

प्रिय,

‘ट्रायम्फ ऑफ द विल’ या नाझी प्रचारपटातला श्रमसेवेचा, म्हणजे तरुणांकडून अंगमेहनतीची कामं करून घेणाऱ्या सरकारी दलाचा, प्रसंग पाहताना अंगावर काटा आला आणि मग स्वतःचीच लाज वाटली, असं तू लिहिलंस. लाज बाळगू नकोस. दिग्दर्शिका लेनी रीफेनश्टालनं तो काटा यावा म्हणूनच तो प्रसंग रचला होता. आता संकलन शिकणाऱ्याच्या नजरेनं तो पुन्हा बघ, आधी आवाज बंद करून.

सप्टेंबर १९३४, न्यूरेम्बर्ग, नाझी पक्षाचा मेळावा. ५२,००० तरुण, आणि फावडी बंदुकीसारखी धरलेली. पहिल्या महायुद्धानंतरच्या व्हर्सायच्या तहानं जर्मनीला सक्तीच्या लष्करभरतीची बंदी होती, तेव्हा कवायत फावड्यावर चालली होती. मार्च १९३५ मध्ये हिटलरनं ती बंदी झुगारली, त्याच महिन्यात चित्रपट पडद्यावर आला, आणि जूनमध्ये कायद्यानं श्रमसेवा सक्तीची झाली: १८ ते २५ वयाच्या तरुणांना सहा महिने. ज्यूंना त्या कायद्यानं वगळलं.

आता आवाज लाव. कोण कुठला, असं विचारलं जातं आणि एकेक मुलगा आपला मुलूख सांगतो. शेवटी नाव येतं ‘सार’ या प्रदेशाचं, जो तेव्हा जर्मनीच्या ताब्यातही नव्हता. जर्मनीत परत जायचं का, यावर तिथलं सार्वमत जानेवारी १९३५ मध्ये झालं. प्रश्नही ठरलेला, उत्तरही ठरलेलं. इतक्या मुलांपैकी एकालाही त्याच्या मनातलं कुणी विचारत नाही.

ती मुलं खोटी नव्हती, हे मात्र विसरू नकोस. १९३३ च्या सुरुवातीला जर्मनीत साठेक लाख बेकार होते. हाताला काम आणि दोन वेळचं जेवण मिळाल्याचा आनंद खराच असणार. प्रचारपट नुसत्या खोट्यावर उभा राहत नाही, म्हणून तर तो इतका भिनतो.

चौकटीबाहेर काय होतं? त्याच राज्यात, वायव्य जर्मनीतल्या एम्सलँडच्या दलदलीत, १९३३ पासून राजकीय कैदी जमीन खणत होते. त्यांच्याही हातात फावडीच. तिथल्याच ब्योर्गरमोरच्या छावणीत त्यांनी त्याच वर्षी स्वतःचं गाणं रचून गायलं. त्यांच्यावर कुठला कॅमेरा रुळांवरून सरकला नाही. हे दोन्ही शेजारी ठेवून बघ. मला तर त्यानंतर तो प्रसंग पूर्वीसारखा पाहताच आला नाही.

तुझ्या माहितीपटात मजूर आहेत, म्हणून एवढं लिहिलं. त्यांना असं काही विचार, ज्याचं उत्तर तुला आधी ठाऊक नसेल. ते अडखळले, चिडले, गप्प बसले, तरी कापू नकोस. कच्चं संकलन झालं की पाठव, मी सावकाश बघेन.

तुझा,
दादा