डॉक्युमेंटरींसाठी पुरातत्त्वाची चित्रं काढून पोट भरतं का?

हे विचारणारे तुम्ही गोव्यातल्या फोंड्याचे, कला महाविद्यालयाच्या शेवटच्या वर्षाला, आणि घरचे म्हणतात ड्रॉइंग मास्तर हो. माझ्याही घरी हेच म्हणाले होते.

पोट भरतं, पण एवढ्यावर नाही. वर्षाला दोन-तीन फिल्म मिळाल्या तर नशीब. बाकी महिने मी पुस्तकांची मुखपृष्ठं करतो, चतुर्थीला मखरांची डिझाइनं. पैसे उशिरा येतात. अर्धे आगाऊ घेतल्याशिवाय पेन्सिल उचलू नका.

कॅमेऱ्याला दाखवायला काही उरलेलं नसतं तिथे आपण लागतो. ओल्ड गोव्याचं सेंट ऑगस्टीन चर्च घ्या. 1842 साली छत कोसळलं, 1931 मध्ये बुरुजाचा अर्धा भाग. जॉर्जियाची राणी केतेवान 1624 मध्ये शिराझला मारली गेली, तिच्या काही अस्थी इथे आणल्या होत्या. त्या ढिगाऱ्यात वर्षानुवर्षं शोधल्या. सापडलेल्या हाडाच्या डीएनएत यू1बी हा मातृवंश निघाला, तो जॉर्जियन लोकांत आढळतो. 2021 मध्ये अवशेष जॉर्जियाला दिले. अशा फिल्मला चर्च उभं करून दाखवता येतं, कारण जोती आणि भिंती मोजायला जाग्यावर आहेत. पण हाडावरून मातृवंश कळला तरी नाक कळत नाही. मी राणी पाठमोरी काढली असती.

हे शहाणपण उशिरा आलं. दक्षिण गोव्यात कुशावती नदीकाठी उसगाळीमळला जांभ्यावर कोरलेले बैल, हरणं आणि तो गोल चक्रव्यूह आहे. संशोधकांना तो 1993 साली कळला, गावकऱ्यांनी सांगितल्यावर. चक्रव्यूह कशासाठी कोरला, कोणालाच ठाऊक नाही. काळाबद्दलही एकमत नाही. माझ्या पहिल्याच फिल्मच्या दिग्दर्शकाला ‘गूढ’ हवं होतं. मी मशाली घेऊन फेर धरणारे पुजारी काढले. सुंदर झाले होते, खोटं कशाला बोलू! दोन वर्षांनी तिथेच एकजण पाहुण्यांना सांगत होता, “हांगा पुजारी नाचताले,” म्हणजे इथे पुजारी नाचायचे. मी गप्प उभा राहिलो. निवेदक दहा वेळा ‘कदाचित’ म्हणाला होता, ते कोणाच्या लक्षात राहिलं नव्हतं.

तेव्हापासून पुरावा आहे ते अखंड रेघेत, अंदाज तुटक रेघेत. काही दिग्दर्शक वैतागतात, एकाने काम काढूनही घेतलं. पण अभ्यासक आता आपणहून माझं नाव सुचवतात, आणि निम्मी कामं तिथूनच येतात.

पोर्टफोलिओत ड्रॅगन-योद्धे नकोत. एकच कातळशिल्प घ्या, पण मापासकट. पावसाळ्यात नदी कातळावर चढते, तेव्हा दिवाळीनंतर जा. सकाळी लवकर किंवा ऊन कलताना, तिरप्या उजेडात खाचा दिसतात; दुपारी सगळा दगड सपाट वाटतो. खडूने रेघा भरू नका, पाणी शिंपडलं की पुरे. चक्रव्यूह काढताना मध्यापासून सुरुवात करा. मी बाहेरून केली होती, तीन कागद फुकट गेले.