राजमा टणक का राहिला (खिमा-राजम्याचं कॅसरोल, आठ माणसांसाठी)

ताई, आधी हसून घेते. तुम्ही "कॅसरोल करायचंय" म्हणालात आणि सासूबाईंनी पोळ्यांचा डबा घासूनपुसून पुढं आणून ठेवला! आमच्या घरीही हेच झालं असतं. आपल्याकडं कॅसरोल म्हणजे पोळ्या गरम ठेवायचा डबा. तिकडं मात्र ज्या भांड्यात भाजलं तेच भांडं उचलून जेवणाच्या मधोमध ठेवतात, त्या पदार्थालाच कॅसरोल म्हणतात.

आता मुद्द्याचं. पुतण्यानं अमेरिकेतून बीफचा खिमा आणि बीन्सच्या कॅसरोलची कृती पाठवली. तुम्ही लातुरात बकऱ्याचा खिमा आणला, राजमा रात्रभर भिजवला, टोमॅटो आणि केचपात सगळं कालवून ओव्हनमध्ये १८० वर पाऊण तास ठेवलं. राजमा दाताखाली टणक, खिमा पाण्यात तरंगतोय, आणि रात्री दोन लेकरांना उलट्या. येत्या रविवारी आठ माणसं जेवायला आहेत आणि तुम्ही विचारायलात की चुकलं कुठं.

चूक तुमच्यापेक्षा त्या कागदाची जास्त. त्यात "दोन कॅन बीन्स" असं असणार. डब्यातला राजमा शिजलेला असतो हो! तिकडं शाळकरी पोरालाही ते माहीत, म्हणून कुणी लिहीत नाही. तुम्ही भिजवलेला घातलात, म्हणजे कच्चाच. आणि ओव्हन १८० वर असला तरी ते आकडे आतल्या हवेचे असतात. रसातलं मिश्रण शंभराच्या वर जात नाही, आणि मोठ्या भांड्याच्या पोटात तर उकळी यायलाच अर्धा-पाऊण तास जातो. म्हणजे तुमचा राजमा शिजायला बसलाच नव्हता, नुसता शेकत होता.

उलट्यांचं कारण बहुतेक तेच. राजम्यात, त्यातही लाल राजम्यात, फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचं द्रव्य असतं. चार-पाच कच्चे दाणे पोटात गेले तरी एक ते तीन तासांत मळमळ, उलट्या, जुलाब सुरू होऊ शकतात. निदान पाच तास भिजवायचं, ते पाणी ओतून द्यायचं, ताज्या पाण्यात खळखळ उकळायचं, की ते मोडतं. दहा मिनिटांची उकळी लागतेच. अमेरिकेचं अन्न-औषध खातं अर्धा तास सांगतं. मंद आचेवर ८० अंशांच्या आसपास तासन्‌तास ठेवलेला राजमा कच्च्याहूनही जास्त त्रास देऊ शकतो.

हे मी पुस्तकातून शिकले नाही. परभणीत कृषी विद्यापीठाच्या पोरांसाठी मी सतरा वर्षं खानावळ चालवली. एकदा ऐन संध्याकाळी सिलिंडर संपला, दुसरा येईपर्यंत राजम्याचा गंज, म्हणजे मोठं पातेलं, विझत आलेल्या चुलीवर तसाच कोमट राहिला. वरून मऊ दिसला म्हणून वाढला. रात्री नऊ पोरं ओकायला लागली. मी चार दिवस दहीवाल्याला शिव्या देत होते. पुढं विद्यापीठातल्याच एका मॅडमनी राजम्याचं सांगितलं, तेव्हा त्या बिचाऱ्याच्या घरी जाऊन माफी मागितली. तेव्हापासून राजमा माझ्याकडं कुकरशिवाय शिजत नाही.

आता दुसरी गोष्ट, जी पुतण्याच्या कागदात कधीच नसणार: आपलं बोअरचं पाणी. काळ्या पाषाणातून येतं, जड असतं, बादलीला पांढरा थर धरतो ते तुम्ही बघताच. त्यातला चुना राजम्याच्या सालीला घट्ट करतो. जुना, दोन वर्षं पोत्यात पडलेला राजमा असला तर बघायलाच नको, चार तास शिजवा, दाणा तसाच. त्यात टोमॅटो पडला की आणखी आडमुठेपणा, आंबट रसात साल सैल होत नाही. तुम्ही तिन्ही गोष्टी एकाच भांड्यात घातल्या होत्या.

म्हणून राजमा असा करा. ३०० ग्रॅम राजमा, आणताना यंदाचा आहे का विचारा. आता बीड-धाराशिवकडं रब्बीत शेतकरी राजमा घ्यायलेत, तो मिळाला तर उत्तम. फिल्टरच्या दीड लिटर पाण्यात दीड चमचा मीठ घालून रात्रभर भिजवा. "मीठ घातलं की डाळ शिजत नाही" हे आपण आईकडून ऐकलेलं, पण भिजवण्याच्या पाण्यातलं मीठ उलट साल मऊ करतं. सकाळी पाणी फेका, धुवा, कुकरात नवं पाणी, एक तमालपत्र, चिमूटभर खायचा सोडा. चिमूटच, जास्त झाला तर साबणाची चव येते. एक शिट्टी मोठ्या आचेवर, मग आच बारीक करून वीस मिनिटं, वाफ आपोआप जाऊ द्या. दाणा जीभ आणि टाळूमध्ये दाबा. आवाज न होता दबला पाहिजे. मध्ये खडा लागला तर आणखी दहा मिनिटं. यात कंजूषी नको, कारण पुढं हा राजमा आणखी मऊ होणारच नाही. ३०० ग्रॅमचा शिजून पाऊण किलोच्या आसपास होतो. शिजलेलं पाणी फेकू नका, त्यातलं दाट पाणी नंतर कामाला येतं.

खिमा. आधी बीफचं सांगून टाकते, म्हणजे पुतण्याला उत्तर देता येईल. महाराष्ट्रात २०१५ पासून गाय, बैल आणि वळू या तिघांच्याही कत्तलीला बंदी आहे. म्हैस-रेडा त्या बंदीत नाही, म्हणून काही जण तो खिमा वापरतात. तुम्ही बकऱ्याचाच घ्या, आपल्या तोंडाला ती चव आहे. फरक इतकाच की त्यांच्या खिम्यात साधारण वीस टक्के चरबी असते, म्हणून ते तेल घालत नाहीत. तुम्ही खांद्याचं मांस घ्या, थोडी चरबी ठेवायला सांगा, मशीनमधून एकदाच काढा. दोनदा काढला की लगदा. सत्तूरनं ठोकून देणारा कसाई असला तर त्याला दोन रुपये जास्त द्या.

आणि धुवायचं ते मटण, खिमा नाही! आपल्या बायका खिमा आणून चाळणीत धुतात आणि मग तो कढईत भाजत नाही, उकडतो. मटण अख्खं धुऊन, कोरडं करून मशीनला द्यायला सांगा. घरी आल्यावर धुतलेलाच असेल तर चाळणीत तासभर निथळू द्या, हातानं पिळून घ्या.

७५० ग्रॅम खिमा दोन भागांत करा. लोखंडी कढई धूर निघेपर्यंत तापवा, दोन चमचे करडईचं तेल, खिमा पसरवा आणि हात बांधून उभ्या राहा. उलथणं लगेच घालायचं नाही. आधी करडा पडेल, मग पाणी सोडेल, बुडबुड आवाज येईल. पाणी आटत आलं की आवाज बदलतो, चरचर व्हायला लागते, कडेला तूप सुटल्यासारखी चरबी दिसते, खालचा थर तपकिरी होतो. तो आवाज आला की मग परता. मला आता डोळ्यांपेक्षा कानांनी कळतं. लेकरं, पाहुणे गप्पा मारायला आले तर त्यांना बाहेर बसवा, हे पाच-सात मिनिटं ऐकायची असतात.

खिमा काढून त्याच कढईत तीन मोठे कांदे, आलं-लसूण, मग पाच-सहा टोमॅटो. टोमॅटो आटून गोळा झाला पाहिजे. केचप, ब्राऊन शुगर आणि मोहरीच्या सॉसच्या जागी गुळाचा लहान खडा, अर्धा चमचा भरडलेली मोहरी, एक चमचा चिंचेचा कोळ, तिखट. आणि येसर दोन चमचे. येसरात भाजलेलं धान्य आणि डाळ असते, त्यामुळं रस धरून राहतो, तुमच्यासारखं पाणी सुटत नाही. काळा मसाला असला तर अर्धाच चमचा, नाहीतर सगळं मटणाचं कालवण होऊन बसेल. मटणात कडधान्य बघून कुणी नाक मुरडलं तर त्याला विचारा, आपल्या संभाजीनगर-नांदेडकडच्या लग्नातला डालचा विसरला का? हरभऱ्याची डाळ आणि मटण एका भांड्यात, निजामाच्या काळापासून चालत आलेलं.

खिमा, राजमा, दोन वाट्या राजम्याचं दाट पाणी एकत्र करून एक उकळी आणा, मीठ चाखा. इथं हे मिश्रण आमटीपेक्षा घट्ट आणि भाजीपेक्षा सैल हवं. म्हणजे भांड्यात जाण्याआधीच सगळं खाण्याजोगं शिजलेलं आहे. ओव्हनचं काम आता फक्त मुरवणं आणि वर पापुद्रा आणणं.

वरचा थर तिकडं मक्याच्या पिठाचा ब्रेड किंवा चीज असतो. मी शिळी ज्वारीची भाकरी वापरते. दोन भाकऱ्या हातानं वाटाण्याएवढ्या कुस्करायच्या, तेल, लसूण, थोडे तीळ लावून वर पसरायच्या. कुरकुरीत होते आणि रस जिथं लागतो तिथं मऊ. पोरांना चीज हवंच असेल तर भाकरीच्या खाली किसून घाला, वर घातलं तर ते चामड्यासारखं होतं.

ओव्हनमध्ये १८० वर पंचवीस ते तीस मिनिटं, कडेनं बुडबुडे दिसेपर्यंत. आपल्याकडं लाईटचा भरवसा नाही आणि इन्व्हर्टरवर ओव्हन चालत नाही, म्हणून दुसरी सोय सांगते. जाड बुडाचं पातेलं जाड तव्यावर बारीक आचेवर ठेवा, वर ताट, ताटावर निखारे. चाळीस मिनिटं. वरचं ताट घट्ट बसलं पाहिजे. जर्मनचं पातळ पातेलं नको, बूड लागतं. लातुरात ओळखीची बेकरी असली तर दिवाळीत नानकटाई भाजून आणतो तसं भांडं तिथं नेऊन द्या, भट्टी उतरतीला लागली की ते ठेवून देतात. मी ईदच्या आदल्या दिवशी सोडून कधीही दिलंय.

काढल्यावर दहा मिनिटं कुणाला हात लावू देऊ नका, रस खाली बसतो. सोबत कच्चा कांदा, लिंबू, घोळाणा (कच्च्या पालेभाजीची कोशिंबीर) आणि गरम भाकरी. पुतण्या ब्रेड मागेल, त्याला द्या एक पाव.

रविवारच्या गडबडीचं विचारलंय, तर शुक्रवारी रात्री राजमा भिजवा, शनिवारी शिजवा, त्याच्याच पाण्यात फ्रीजमध्ये ठेवा. खिम्याचा मसालाही शनिवारी होतो, पण खिमा रविवारी सकाळचाच आणा. उरलंच तर जेवण झाल्या झाल्या फ्रीजमध्ये, लातूरच्या उन्हाळ्यात ओट्यावर तासाभराच्या वर नको. आणि सासूबाईंचा वार असेल, त्या खात नसतील, तर थोडा राजमा शनिवारी केलेल्या मसाल्यात, खिम्याची कढई लागण्याआधीच, वेगळ्या वाटीत काढून त्यावर भाकरीचा कुस्करा घाला. खिमा घालण्याआधी. नंतर काढलेला त्या बरोबर ओळखतात.