अ‍ॅब्जुअर की अ‍ॅड्जुअर?

अनुवादाला नुकती सुरुवात केली आहेस, म्हणून सांगते: इंग्रजीतल्या ‘अ‍ॅब्जुअर’साठी नुसतं ‘सोडणे’ लिहू नकोस. लॅटिनमध्ये ‘युरारे’ म्हणजे शपथ घेणे, ‘अब’ म्हणजे दूर; शपथेवर त्यागणे हा खरा अर्थ. २२ जून १६३३ रोजी रोममध्ये गॅलिलिओला पृथ्वी फिरते हे मत असंच, गुडघे टेकून, त्यागावं लागलं. अमेरिकेचं नागरिकत्व घेणारी आपली माणसंही परदेशाची निष्ठा सोडताना शपथेत हेच क्रियापद उच्चारतात.

‘अ‍ॅड्जुअर’मध्ये शपथ समोरच्याला घालायची, कळकळीने विनवायचं. ‘तुला माझ्या गळ्याची शपथ, जाऊ नकोस!’ यापेक्षा नेमका मराठी दाखला मला तरी सापडलेला नाही. बोलण्यात दोन्ही क्वचितच येतात. सिगारेट सोडली तर साधं ‘गिव्ह अप’ पुरे.